खंडोबाचा किडा आणि बरणीतला नवरा

सासवडला मावशीकडे गेलं की संध्याकाळ स्वयंपाकघरात जाते. बाहेरच्या खोलीत टीव्ही आहे, पण तो फारसा लागत नाही. काका आणि मावशीचा वाद त्याहून रंगतो आणि मधे जाहिराती नसतात. काकांनी जन्मभर कॉलेजात मराठी शिकवलं, मावशीनं ज्युनिअर कॉलेजात प्राणिशास्त्र. दोघं निवृत्त झाले, पण तास काही सुटलेला नाही. मला पंच म्हणून मधल्या स्टुलावर बसवतात. पंचाचं कुणी ऐकत नाही, ती गोष्ट वेगळी.

नवरात्रातली चौथी-पाचवी माळ असेल. पाऊस उघडला होता, ट्यूबलाइटच्या उजेडाला चिलटं जमली होती. खिडकीच्या जाळीवर, बाहेरच्या बाजूनं, बोटाएवढा हिरवा किडा येऊन बसला. पुढचे दोन पाय छातीशी दुमडलेले, मान किंचित तिरकी.

"आले बघ स्वामी," काका म्हणाले. "हात जोडूनच आलेत."

मावशी थालीपीठ थापत होती. तिनं चष्म्यावरून एकदा पाहिलं. "हात नव्हेत, पाय आहेत. आणि जोडलेले कुठे दिसतायत तुम्हाला? घडी घातलेली आहे. कोयता म्यान केल्यासारखी."

"पुस्तकात काय नाव आहे ग ह्याचं?"

"प्रार्थना कीटक. पण ते इंग्रजीवरून उचललेलं. मी मुलांना शिकवायची, मुलं लिहायची, घरी जाऊन कुणी म्हणायचं नाही. आमच्या गावाला ह्याला खंडोबाचा किडा म्हणायचे. मारायचा नाही एवढंच माहीत."

काकांना एवढं पुरतं. "मग बघ की! जेजुरी इथून कितीशी लांब? दसऱ्याला तिथं ४२ किलोचा खंडा उचलतात. हात ताठ करून धरतात, कुणी दातांत धरतो. आणि हा गडी चिडला की काय करतो? उभा राहून दोन्ही पाय फाकवतो. ज्यानं पहिल्यांदा हे नाव दिलं त्याला ह्यात प्रार्थना दिसलीच नव्हती, त्याला खंडा दिसला होता."

"हे तुम्ही आत्ता रचलंत."

"रचलं. पण तुझ्या पुस्तकापेक्षा बरं रचलं."

हे मला पटलं, पण बोललो नाही. पंचानं पहिल्याच षटकात बोट वर करू नये.

"नावावरून किडा कळतो असं तुम्हाला वाटतं, तिथंच सगळी गफलत आहे," मावशी तव्याकडे वळून म्हणाली. "नाव माणसाबद्दल सांगतं. किड्याबद्दल काही सांगत नाही."

"माणसानं काय पाहिलं ते सांगतं. हे काय कमी झालं? ग्रीक लोक ह्याला मँटिस म्हणाले, म्हणजे भविष्य सांगणारा, द्रष्टा. लिनियसनं १७५८ साली जगभरच्या प्राण्यांना नावं वाटली तेव्हा त्याला पुढं रिलिजिओसा लावलं. आधी द्रष्टा, वर पुन्हा धार्मिक."

"आणि त्याच लिनियसनं त्याला टोळ आणि रातकिड्यांच्या पंगतीत बसवलं होतं, ते का नाही सांगत? त्याचे जवळचे नातेवाईक कोण, माहितीय? झुरळ आणि वाळवी. अंडी सुद्धा झुरळासारखीच डबीत घालतो. मागं कढीपत्त्याच्या फांदीला तो तपकिरी बत्तासा चिकटला होता ना, तुम्ही डिंक म्हणून खरवडायला निघाला होतात? तीच ती डबी. फेस काढून त्यात अंडी घालतात आणि फेस वाळतो."

काका क्षणभर गप्प झाले. संन्यासी झुरळाचा चुलतभाऊ निघाला तर कुणीही गप्प होईल.

पण ते थांबणारे नव्हेत. फ्रान्सच्या दक्षिणेकडचे शेतकरी ह्याला 'देवाची प्रार्थना करणारा' म्हणतात, जर्मन तसंच म्हणतात, रशियनही. पोर्तुगीज ह्याला 'लोवा-आ-देउश' म्हणतात, देवाला आळवणारा. तेच पोर्तुगीज साडेचारशे वर्षं गोव्यात होते. काकांनी बोटं मोडत सगळं सांगितलं. सतराव्या शतकात छापलेल्या थॉमस मोफेट ह्या इंग्रज वैद्याच्या किड्यांवरच्या ग्रंथात तर असं आहे की वाट चुकलेल्या पोरानं ह्याला रस्ता विचारला, तर तो एक पाय लांब करून दिशा दाखवतो आणि सहसा चुकत नाही.

"आणि अरब? तुर्क?" काकांनी आवाज चढवला. "इजिप्तमध्ये तो पैगंबराचा घोडा. तुर्कीत पैगंबराचा उंट. कळलं का? तिथं तो भक्त नाही, वाहन आहे. आपल्या खंडोबालाही घोडा आहेच!"

"आता घोडाही आला का? मघाशी खंडा होता."

तेवढ्यात जाळीवर काहीतरी झालं. झालं ते दिसलं नाही, झाल्यावर दिसलं. एक तपकिरी पतंग जाळीवरून सरपटत वर जात होता, तो आता त्या दुमडलेल्या पायांत होता. मधला भाग माझ्या डोळ्यांनी गाळला.

मावशीनं गॅस बारीक केला. "आता इकडे या दोघं. अशी संधी मिळत नाही. तो बाहेरून बसलाय, म्हणजे पोटाची बाजू आपल्याकडे आहे."

आम्ही तिघं जाळीला नाक लावून उभे राहिलो. पुढच्या पायाची मांडी आणि नडगी, दोन्हींना आतून काटे. मधे पतंग. मावशीनं मांडणीवरून आजोबांचा अडकित्ता काढला आणि उघडझाप करून दाखवला. "हे असं. सुपारी निसटू नये म्हणून दात काढलेत एवढाच फरक. सेकंदाच्या दहाव्या हिश्शाच्या आत बंद होतो. तुम्ही ज्याला नमस्कार म्हणता ना, तो उघडायच्या तयारीतला अडकित्ता आहे."

पतंग जिवंत होता. किडा त्याला मानेपासून खात होता, घाई न करता, कणीस खावं तसं. एक पंख गळून कट्ट्याच्या बाहेरच्या कडेवर पडला.

"डोळा बघ त्याचा," काका हळूच म्हणाले. "काळं बुबुळ माझ्याकडे लावलंय."

"तुम्ही तिकडे व्हा. आता?"

"आता... आता पण माझ्याकडेच."

"आणि तुझ्याकडे?" तिनं मला विचारलं. माझ्याकडेही पाहत होता.

"बुबुळ नाहीच ते. हजारो बारीक डोळ्यांचा एक डोळा आहे. त्यातले जे नेमके तुमच्या रोखानं आहेत, ते उजेड गिळतात, परत फेकत नाहीत, म्हणून तेवढा ठिपका काळा दिसतो. तुम्ही सरकलात की ठिपका सरकतो. देव्हाऱ्यातल्या तसबिरीचे डोळे पाठलाग करतात म्हणता ना, तसंच. पण खरं नवल वेगळंच आहे. ह्याला आपल्यासारखी खोली कळते. दोन डोळ्यांतल्या दोन चित्रांची वजाबाकी करतो. न्यूकॅसलच्या विद्यापीठात ह्यांना मधमाशीच्या मेणानं चष्मे चिकटवले होते. एक काच निळी, एक हिरवी, जुन्या थ्रीडी सिनेमाला द्यायचे तशी. पडद्यावर किडा हलताना दाखवला. तो अडीच सेंटीमीटरवर आलाय असं भासवलं की हे हवेत झडप घालायचे. २०१६ ची गोष्ट."

"म्हणजे द्रष्टाच की मग. ग्रीक काय वेगळं म्हणत होते?"

मावशी हसली. खरं तर इथं एक गुण काकांना द्यायला हवा होता.

"बरं, डोळे झाले. देवाचं ऐकतो तरी का?"

"ऐकतो. एका कानानं." चमच्याच्या टोकानं तिनं जाळीपलीकडची जागा दाखवली: छातीच्या खालच्या अंगाला, मागच्या पायांच्या मधोमध, एक बारीक चीर. "जगात सुमारे २,४०० जाती आहेत ह्यांच्या. त्यांतल्या बहुतेकांना कान असला तर एकच, तोही इथं. १९८६ पर्यंत सगळे ह्याला बहिरा समजायचे. येगर आणि हॉय ह्या दोघांनी तो शोधला. एका कानानं आवाज कुठून आला ते कळत नाही, पण त्याला कळायची गरजच नाही. तो कान आपल्याला ऐकू न येणाऱ्या बारीक आवाजासाठी आहे. वटवाघळाच्या. रात्री उडताना तो आवाज आला की सूर मारून खाली."

"म्हणजे आकाशवाणी झाली की दंडवत."

"अहो!"

मला काकांची ही खोड आवडते आणि तिचा रागही येतो. मावशी गोष्ट उलगडून ठेवते, हे त्यावर रुमाल टाकतात. पण रुमालाचा रंग बरेचदा बरोबर जुळतो.

थालीपीठ पानात पडलं. लोण्याचा गोळा विरघळेपर्यंत काकांनी आपली बाजू सावरून घेतली. "तुझी तक्रार काय, की माणसं किड्यावर अर्थ लादतात. पण सगळ्यांनी काही प्रार्थनाच लादली नाही. चीनमध्ये जुनी गोष्ट आहे: रथ येतोय आणि हा रस्त्यात उभा राहून पाय उगारतो. च्वांग-त्झूनं त्याला मूर्ख ठरवलं, स्वतःची ताकद न ओळखणारा. दुसऱ्या कथेत तोच किडा, तोच रथ, पण रथात बसलेला राजा म्हणतो, हा माणूस असता तर केवढा योद्धा झाला असता, आणि रथ बाजूनं काढायला लावतो. क्योटोच्या गिओन उत्सवात तर मिरवणुकीच्या एका गाड्यावर लाकडी मँटिस बसवतात, दोऱ्या ओढून त्याचे पाय आणि पंख हलवतात."

"एकच किडा. एकदा मूर्ख, एकदा वीर. माझंच म्हणणं झालं हे."

"थांब. दक्षिण आफ्रिकेत काय झालं ते ऐक. तिथं स्थायिक झालेल्या डचांनी पाहिलं की तिथले मूळ लोक ह्या किड्याला मानतात. त्यांनी त्याला नाव दिलं, त्या लोकांचा देव. वर त्या लोकांना त्यांनी ठेवलेलं जे नाव होतं, ते आज शिवी समजलं जातं. आणि तिथलेच सान लोक स्वतः काय सांगत होते? १८७० च्या सुमारास ब्लीक आणि लॉइड ह्या दोघांनी केपटाउनमध्ये कैदेतून आणलेल्या सान माणसांकडून कथा लिहून घेतल्या. त्यांत काग्गेन आहे. त्यांच्या भाषेत काग्गेन म्हणजे मँटिस. पण तो हात जोडून बसलेला नाही. चोऱ्या करतो, थापा मारतो, मार खातो, मरतो, पुन्हा जिवंत होतो. जावयाच्या जोड्याचं चामडं पळवून त्यापासून पहिला ईलंड हरीण बनवतो आणि त्याला मध चोळून वाढवतो. लोकांनी त्या हरणाला मारलं तेव्हा रडतो. बाहेरच्यांनी बघितलं आणि म्हणाले, पूजा करतात. आतल्यांच्या गोष्टी तर संपत नव्हत्या."

मावशीनं थापणं थांबवलं. "जावयाचा जोडा?"

"जावयाचा."

"हे मला माहीत नव्हतं," ती म्हणाली. ती असं क्वचित म्हणते.

काकांनी त्या यशावर लगेच पाणी ओतलं. पानावरून उठता उठता म्हणाले, "तरी पण नवऱ्याला खाते, त्यात तर काही वाद नाही ना? लग्न झाल्या झाल्या मुंडकं. आपल्याकडे निदान चाळीस वर्षं लागतात."

हा विनोद मी किमान सात वेळा ऐकला आहे.

"वाद आहे," मावशी म्हणाली. "खाते, पण नेहमी नाही. रानात बहुतेक वेळा नर सुटतो. मागून येतो, वारा आला की पाऊल टाकतो, वारा थांबला की थांबतो. भुकेली असेल तर लांबून चक्कर मारतो. आणि खाल्लंच, तर वाया जात नाही. २०१६ मध्ये ब्राउन आणि बॅरी ह्यांनी नरांना खुणेची अमिनो आम्लं खाऊ घातली आणि मग ती मादीच्या अंड्यांत शोधली. सापडली. ज्या मादीनं नर खाल्ला, तिनं जास्त अंडी घातली."

"आणि मुंडकं गेल्यावरही त्याचं चालूच असतं म्हणतात, ते?"

"ते खरं. आवर घालणारी गाठ डोक्यात असते. डोकं गेलं की आवर गेला, बाकीचं शरीर काम करतच राहतं. १९३५ मध्ये रोडरनं दाखवलं."

"बरं." काका हात धुवून आले आणि अगदी शांतपणे खुर्चीत बसले. हे त्यांचं खरं हत्यार. "मला एक सांग, ही नवरा खाणारी बाई जगाला पहिल्यांदा कुणी दाखवली? माझ्या ग्रीकांनी? त्यांनी तर तिला द्रष्टी म्हटलं. शेतकऱ्यांनी प्रार्थना करणारी म्हटलं. तिला खुनी कुणी केलं?"

मावशी बोलली नाही.

"तुमच्या लोकांनी. तूच सांगितलेलं. हॉवर्ड नावाचा कीटकतज्ज्ञ, १८८६. कुणाच्या घरी बरणीत मादी पाळलेली, त्यानं त्याच बरणीत नर सोडला. फाब्र ह्या फ्रेंच कीटकतज्ज्ञानं माद्या जाळीच्या पिंजऱ्यात ठेवल्या, एकीनं दोन आठवड्यांत सात नर खाल्ले म्हणून लिहिलं. ती पुस्तकं पॅरिसच्या कवींनी वाचली आणि ते वेडे झाले. ब्रेतोंनी घरात मँटिस पाळले. कायवानं १९३४ मध्ये ह्याच किड्यावर निबंध लिहिला. आणि दाली! मिलेचं ते चित्र आहे ना, संध्याकाळी शेतात नवरा-बायको मान खाली घालून प्रार्थना करतायत, बटाट्याची टोपली मधे. दालीला त्या बाईत झडप घालायच्या आधीची मँटिस दिसली. प्रार्थनेचं चित्र, आणि त्यात खून. तुम्ही माझा संत काढून घेतलात, आणि त्याच्या जागी हडळ बसवलीत. हडळीला मात्र तुम्ही विज्ञान म्हणता."

तव्यावरच्या थालीपीठाला करपल्याचा वास यायला लागला. मावशीनं ते उलटलं नाही.

"माझ्याकडे पण बरणी होती," ती म्हणाली.

काका थांबले.

"प्रयोगशाळेत. लोणच्याची, काचेची. दरवर्षी ह्याच दिवसांत मुलं एखादी मोठी मादी आणून द्यायची. मी तिला तीन-चार दिवस उपाशी ठेवायची, म्हणजे तासाला नक्की होईल. मग नर सोडायची. तो काचेवर चढायचा, घसरायचा. पुढं काय व्हायचं ते व्हायचं. मुली किंचाळायच्या, मुलं हसायची, एखादा तुमचाच विनोद करायचा. आणि मी फळ्यावर लिहायची: मादी मीलनानंतर नराला खाते. सव्वीस वर्षं लिहिलं." तिनं गॅस बंद केला. "लिस्के आणि डेव्हिस म्हणून दोघांनी ऐंशीच्या दशकात वेगळं करून पाहिलं. मादीला पोटभर खायला घातलं, जागा मोकळी दिली, माणसं बाजूला झाली आणि कॅमेरा चालू ठेवला. नर आला, नाचला, काम झालं, निघून गेला. मी ते वाचलं तेव्हा निवृत्तीला दोन वर्षं होती. त्या वर्षी बरणी काढली नाही. पण फळ्यावर जे लिहिलं होतं ते पुसायला कुणाकडे जायचं?"

काकांच्या तोंडात काहीतरी आलं होतं. त्यांनी ते गिळलं. लग्नाच्या इतक्या वर्षांनी एवढं कळतं.

"तशी मीही एक थाप मारली होती," ते थोड्या वेळानं म्हणाले. "मागच्या वर्षी हौदात हा मरून तरंगत होता, तेव्हा मी शेजारच्या पोरांना सांगितलं, जलसमाधी घेतली म्हणून."

"आणि त्याच्या पोटातून वीतभर काळा दोरा वळवळत बाहेर आला होता. केसासारखा जंत. तो किड्याच्या आत वाढतो, वाढ पुरी झाली की किड्याला पाण्याकडे चालायला लावतो आणि बाहेर पडतो. समाधी त्या बिचाऱ्याच्या मनातही नव्हती."

"पोरांना मी दोरा सांगितला नाही."

"मला माहितीय. मी सांगितला."

जाळीवरच्यानं पतंग संपवला होता. आता तो एकेक पुढचा पाय तोंडात धरून साफ करत होता, काट्याकाट्यातून, मांजरासारखा. काका 'आचमन' म्हणतील अशी मी वाट पाहिली. ते म्हणाले नाहीत. उलट उठून जाळीजवळ गेले आणि चष्मा कपाळावर सरकवून बघत राहिले.

"ही बाई आहे की बुवा?"

"पोटाचे वेढे मोजा. खालच्या बाजूनं. बाईला सहा, बुवाला आठ."

काकांनी बोट जाळीला न लावता मोजलं. ओठ हलत होते. मधेच चुकले, पहिल्यापासून मोजलं. "आठ."

"वाटलंच मला. एवढा सडपातळ आहे, पंख पोटाच्याही खाली उतरलेत. ह्या दिवसांत माद्या पोटानं जड असतात, फार उडत नाहीत. रात्री नर उडतात, त्यांच्या वासावर. कुठेतरी अंजिराच्या बागेत ती बसली असेल, आणि हा वाटेत आपल्या ट्यूबलाइटला भुलून अडकला."

"म्हणजे आपण वाट चुकवली त्याची."

"हो."

मोफेटचा वाट दाखवणारा किडा मला आठवला. काकांनाही आठवला असणार, कारण त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि मान हलवली: नको.

मावशीनं हात पुसला आणि दिवा बंद केला. स्वयंपाकघरात फक्त देवघरातल्या नंदादीपाचा उजेड उरला. आम्ही तिघं उभेच होतो. करपलेल्या थालीपीठाचा वास, बाहेर रातकिडे. बऱ्याच वेळानं काकांनी मोबाइलची बॅटरी हातानं झाकून, बोटांच्या फटीतून एवढासा उजेड जाळीकडे सोडला. तो अजून तिथंच होता. डोळे मघाशी हिरवे होते, आता काळेभोर झाले होते, आख्खेच्या आख्खे, काजळाच्या डबीसारखे.

"हे काय झालं ह्याला?"

"अंधारात होतात तसे. थोडाही उजेड वाया जाऊ नये म्हणून. बंद करा ते."

काकांनी बंद केलं. थोड्या वेळानं अंधारात पत्त्यांचा जोड पिसल्यासारखा फर्रर आवाज आला.

"गेला का ग?"

"बघू नका. जाऊ दे त्याला."